पाटीवरची चार अक्षरं

१

वैशाखातल्या शुक्रवारी सकाळी वडिवळ्याच्या पोलीसपाटलांनी भैरोबाच्या देवळापुढच्या पाटीवरचं फडकं उचललं आणि त्यांच्या तोंडचं पाणी पळालं.

पाटी संगमरवराची होती. मुद्दाम पुण्याहून कोरून आणलेली. रविवारी प्रांतसाहेब स्वतः येऊन तिचं उद्घाटन करणार होते. आणि पाटीवर कुणीतरी खरवड मारली होती.

दुपारपर्यंत वडगावहून मामलेदारसाहेब छकड्यातून आले. सोबत दोन शिपाई होते. पाटी बघायच्या आधीच त्यांनी गुन्हेगार ठरवून टाकला होता.

"मारुती कोण? मुळशीच्या धरणाविरुद्ध सत्याग्रहाला बसायला गेला होता तो? खादीची टोपी घालतो तो?"

मारुतीला शेतातून धरून आणलं. वीस-बावीस वर्षांचा पोरगा, अंगावर धूळ. तो एवढंच म्हणाला, "साहेब, म्या न्हाई केलं." शिपायाने त्याच्या दंडाला दोरी बांधली.

तेव्हा शाळेचे गंगाधर मास्तर पुढे झाले. गावात मास्तरांना मान होता. लढाईत पोरं भरती करून दिली म्हणून सरकारची सनद त्यांच्या भिंतीवर टांगलेली होती. पाटीवरचा मजकूरही त्यांचाच.

"साहेब, रविवारपर्यंत मला मुदत द्या. चुकीचा माणूस धरला तर गाव बिथरेल. समारंभाला काळं निशाण लागेल."

मामलेदारांनी घड्याळ पाहिलं. "रविवारी सकाळी मला नाव हवं, मास्तर. नाहीतर हा पोरगा येरवड्याला जाईल. आणि तुमच्या पाटीला पुण्याहून कारागीर बोलवा."

छकडा गेला. मास्तर पाटीपुढे उभे राहिले. त्यांनीच लिहिलेल्या ओळी होत्या:

*बादशहांच्या कार्यासाठी या गावातून चौदा वीर महायुद्धास गेले. त्यांपैकी धारातीर्थी पडले: महिपती रखमाजी गराडे, शत्रूच्या दगलबाज पाणबुडीशी झुंजताना. येसू बाळाजी गराडे, बसरा.*

बाकी सगळं जागच्या जागी होतं. फक्त चार अक्षरं गेली होती. *महिपती*. त्याच्या बापाचं नाव होतं, आडनाव होतं, पाणबुडी होती.

ज्याला महिपतीचं नाव पुसायचं होतं, त्याने त्याचं आडनाव का ठेवलं?

२

मास्तर चावडीत मारुतीजवळ जाऊन बसले. खांबाला बांधलेला पोरगा त्यांच्याच हाताखाली चौथी झालेला.

"मारुती, तुला ही पाटी खरवडायची असती तर तू काय खरवडलं असतंस?"

मारुती कडवट हसला. "बादशहा. आणि त्याच्याखाली तुमी लिवलेलं 'वीर'. महिपतीदादानं माजं काय वाकडं केलंय? वलवणच्या धरणावर मला खांद्यावर घिऊन हिंडायचा त्यो."

मास्तरांना ते पटलं. बादशहांची ओळ सगळ्यात वर, सगळ्यात ठसठशीत. राजद्रोही माणूस ती सोडून मेलेल्या शेतकऱ्याच्या नावाला हात लावत नाही. आणि ज्याला वाचता येतं तो अख्खी ओळ घालवतो, एक शब्द टिपून काढत नाही.

म्हणजे हे काम निरक्षराचं. पण मग त्या निरक्षराला नेमकी तीच चार अक्षरं कशी ओळखू आली?

पाटी बसवणारा पाथरवट भागुजी अजून गावातच होता. त्याने खरवडीवर बोट फिरवलं. "ही छिन्नी न्हाई, मास्तर. छिन्नीनं टवका उडतो. ही कानस हाय. बगा, बारीक रेगा, एकाला एक लागून. दात झिजलेले न्हाईत. आन लय येळ घासलंय. काल दुपारच्या पारी केलं आसंल, सारं गाव निजलेलं असतं तवा."

"असली कानस कुणाकडे असते?"

"जनावरांची खुरं घासणाऱ्याकडं."

वडिवळ्यात खुरं घासणारा, बैलांना नाल मारणारा एकच माणूस होता. आणि महिपती ज्या बोटीबरोबर बुडाला, तिच्यावरून जिवंत परत आलेला गावातला माणूसही तोच होता.

३

नथू कामशेतच्या रस्त्याला झाडाखाली बैल पाडून बसला होता. एके काळी तो आणि महिपती दोघेही वलवणच्या धरणावर चुन्याची खेचरं हाकायचे. लढाई लागली तेव्हा सरकारला खेचरं हाकणारी माणसं हवी होती. मास्तरांनीच दोघांना पुण्याला नेऊन भरतीच्या सायबापुढे उभं केलं होतं.

१९१६च्या दिवाळीनंतर दोनशे खेचरं घेऊन त्यांची बोट मिसर देशातून ग्रीसमधल्या सालोनिकाला निघाली, आणि भूमध्य समुद्रात बुडाली. चार महिन्यांनी नथू एकटा परतला. येताना महिपतीची पत्र्याची पेटी घेऊन आला. त्याने सांगितलेली हकिगत मास्तरांना तोंडपाठ होती. जर्मन पाणबुडीने न सांगता टॉर्पेडो सोडला. बोट चार मिनिटांत तळाला गेली. मित्राची पेटी छातीशी धरून नथू दोन तास लाटांवर तरंगला. सरकारी कागदातही तसंच होतं आणि त्या कागदाचं मराठी मास्तरांनीच केलं होतं. मग त्यांनी नथूला गावोगाव भरतीच्या सभांना नेलं. त्याला नुसतं शेजारी उभं करायचं आणि आपण बोलायचं. वडिवळ्याच्या सभेनंतर अकरा पोरांनी अंगठे दिले. त्यातला एक येसू. बसऱ्याला पटकीनं गेला.

"नथू, तुझी कानस बघू."

नथूने हातातली पुढे केली. रुंद, जुनी, दात बोथट झालेले. पाटीवरच्या रेघा हिच्या नव्हत्या.

"दुसरी आहे?"

"न्हाई."

"बारीक दातांची. नवी."

नथूचे हात थांबले. बैलाने पाय झाडला तरी त्याचं लक्ष नव्हतं. "तसली सरकारी कानस आमा दोगांना मिळाली व्हती. एकेक. माजी बोटीसंगं गेली."

"आणि महिपतीची?"

कानस महिपतीच्या पेटीत असणार, हे दोघांनाही एकदमच कळलं. मास्तर उठले, तसा नथूने त्यांच्या धोतराचा सोगा धरला. सबंध आयुष्यात त्याने असं कधी केलं नव्हतं.

"मास्तर, म्या केलं म्हून सांगा. माजं नाव द्या त्या सायबाला. पर त्या घरी जाऊ नगा. ती पेटी उगडू नगा."

४

महिपतीचे वडील रखमाजी ओसरीवर बसले होते. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, हात संधिवाताने वाकडे झालेले. पावलांचा आवाज ऐकून त्यांनी मान वळवली.

"कोन, मास्तर? परवा सायब माज्या पोराचं नाव मोट्यानं वाचनार न्हवं?"

"हो, आबा." मास्तरांना खोटं बोलायला वेळ लागला नाही.

घरात दुसरं माणूस एकच. महिपतीची बायको सरूबाई. तिशीच्या आतली, पाच वर्षांत पार वाळून गेलेली. सासू बयाबाई फाल्गुनात वारली तेव्हापासून घर तिच्याच अंगावर होतं. ती चुलीपुढून उठली नाही.

"सरूबाई, महिपतीची पेटी बघायची होती."

"बगा की."

पेटी देव्हाऱ्याशेजारी होती. झाकणावर पांढऱ्या रंगात पलटणीतल्या कुणी कारकुनाने मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं: *महिपती*. नुसतं तेवढंच. चार अक्षरं.

मास्तर गुडघ्यावर बसले. घरात दोन माणसं. एकाला दिसत नाही आणि त्याच्या हातात कानस धरण्याचं बळ नाही. दुसरीला वाचता येत नाही, पण पाच वर्षं ती रोज या झाकणापुढे सांजवात लावते. रोज बघून बघून ही चार अक्षरं तिला एखाद्या माणसाच्या चेहऱ्यासारखी ओळखीची झाली असणार. बापाचं नाव आणि आडनाव पेटीवर नव्हतं. म्हणून पाटीवरही ते वाचलं.

त्यांनी झाकण उघडलं. कांबळं, पितळी तांब्या, पत्रांची जुडी. तळाशी कानस. तिच्या दातांत पांढरी पूड होती.

"काल दुपारी केलंत?"

"व्हय." सरूबाईने लाकूड पुढे सारलं. "पान्याला निगाले व्हते. फडकं उचललं तर मालकांचं नाव दिसलं. घरी येऊन कानस नेली."

"का पण? तुमच्याच धन्याचं नाव! सबंध गाव त्याला मान देणार होतं."

ती उठून पेटीपाशी आली. कांबळ्याच्या घडीतून तिने कागदाची एक पुडी काढली.

"आत्याबाई जित्या व्हत्या तवर त्यांनी पेटीला हात लावू दिला न्हाई. देव म्हून पुजली. त्यांचं तेरावं झालं आन म्या पयल्यांदा उगडली. ह्यो भैरोबाचा अंगारा. मालक निगाले तवा म्याच कागदात बांदून दिला व्हता." तिने पुडी उलटी धरली. राख तिच्या तळव्यावर भुरूभुरू पडली, पिठासारखी.

"नथूभाऊ दोन तास पेटी धरून समुद्रात व्हता. तुमीच सांगितलंत, भैरोबाच्या पारावर. म्या समदं ऐकलंय, मास्तर. मग ह्यो अंगारा कोरडा कसा? लबाडीच्या पाटीवर मालकांचं नाव ऱ्हाऊ द्यायचं न्हवतं मला."

मास्तरांनी पत्रांची जुडी हातात घेतली. सगळी त्यांच्याच अक्षरातली. सरूबाईने सांगायचं, त्यांनी लिहायचं. निळी शाई. पाण्याचा एक थेंब पडला तरी फुटते ती.

एकही अक्षर फुटलं नव्हतं.

५

गावात लोक मास्तरांना पाठीमागे 'पाणबुडी मास्तर' म्हणायचे. लढाईच्या चार वर्षांत त्यांनी वर्तमानपत्रांतली जर्मन पाणबुड्यांची हरेक बातमी कापून वहीत चिकटवली होती. फळ्यावर पाणबुडीचं चित्र काढून ती कशी बुडते, कशी वर येते, हे ते पोरांना शिकवायचे. त्या दिवशी खोलीवर येऊन त्यांनी ती वही काढली.

१९१४चा सप्टेंबर. एका पाणबुडीने तासा-दीड तासात तीन इंग्रजी क्रूझर युद्धनौका बुडवल्या. पहिलीतली माणसं उचलायला दुसरी थांबली, मग तिसरी थांबली, आणि तिन्ही गेल्या. तेव्हापासून आरमाराचा हुकूम झाला की बुडणाऱ्यासाठी मोठ्या जहाजाने थांबायचं नाही. १९१५. ब्रिटनभोवतीच्या समुद्रात न सांगता बोटी बुडवण्याची जर्मनांची घोषणा. मग उतारूंनी भरलेल्या बोटी बुडाल्या, अमेरिका खवळली आणि जर्मनांना हात आवरता घ्यावा लागला. १९१७चा फेब्रुवारी. पुन्हा बेबंद लढाई, दिसेल ती बोट बुडवायची.

आणि या दोहोंच्या मधलं एक कात्रण. १९१६च्या हिवाळ्यातलं, भूमध्य समुद्रातलं. पाणबुडीत टॉर्पेडो मोजकेच मावतात, म्हणून ते युद्धनौकांसाठी राखून ठेवतात. तोफ नसलेली मालबोट दिसली की पाणबुडी वर येते, इशाऱ्याचा एक गोळा बोटीच्या पुढून सोडते, माणसांना होड्यांत उतरायला वेळ देते आणि मग बोट तोफेने किंवा सुरुंगाने बुडवते.

हे कात्रण त्यांनी स्वतःच्या हाताने चिकटवलं होतं. खालची तारीख नथूची बोट बुडाल्यानंतरच्या पंधरवड्यातली होती. आणि त्याच हाताने त्यांनी 'न सांगता', 'दगलबाज' असं लिहिलं होतं. त्यांना कळू शकलं असतं. त्यांनी कळून घेतलं नव्हतं.

शनिवारी सकाळी ते नथूच्या झोपडीत गेले.

"टॉर्पेडो नव्हताच, नथू. पाणबुडी वर आली होती. तुम्हाला वेळ मिळाला होता."

नथू बराच वेळ भुईवर काडीने रेघा ओढत राहिला. मग बोलू लागला. एकदा सुरुवात केल्यावर थांबला नाही.

"सकाळच्या पारी वर आली. काळी, म्हशीच्या पाठीवानी. एक गोळा सोडला पुढनं. निशानं हालवली. कप्तान म्हनाला, अर्दा तास दिलाय, उतरा. चार होड्या व्हत्या. आमच्या होडीत जागा व्हती, मास्तर. लय जागा व्हती. महिपतीनं वरनं पेटी दिली. म्हनाला, धर, आलोच. खेचरांची दावी सोडून येतो. बांदलेली बुडाया नगं, पवतील तरी. दोनशे जनावर. खाली नुसता गोंगाट चाललेला."

"मग?"

"होडीचा दोर माज्या हातात व्हता. होडीतला धाकला सायब म्हनाला, तोड. म्या म्हनलं मानूस हाय वर. त्यो म्हनाला, बोट बुडली की आपल्यालाबी वडून नेईल, तोड. त्यानं सुरी काडून माज्या हातात दिली." नथूने तळहात उलटा करून पाहिला. "म्या तोडला. सायबानं न्हाई तोडला. म्या."

बाहेर कुठेतरी बैलाच्या गळ्यातली घंटा वाजत होती.

"आमी लांब गेलो तवा त्यो वर आला, कठड्यापाशी. त्यानं हात हालवला, आरडला न्हाई. त्याला वाटलं आसंल आमी पुन्ना येनार. त्या पानबुडीवरचा जर्मन आरडाय लागला. बोट दाखवून, वर मानूस हाय, वर मानूस हाय, आसं. त्याची भाशा कुनाला येतीय, पर कळत व्हतं. अर्दा तास कवाच सरला व्हता. तरी त्यो थांबला. त्यानं लय येळ तोफ मारली न्हाई; आमी वळलोच न्हाई, तवा शेवटी मारली. मास्तर, दुश्मन थांबला व्हता. आमी थांबलो न्हाई."

"मग टॉर्पेडोची गोष्ट?"

"माल्टा बेटावर नेलं आमाला. चौकशी झाली. धाकल्या सायबानं आदीच बजावलं व्हतं, समद्यांनी एकच सांगायचं. न्हाईतर मानूस सोडून आला म्हून मलाच धरतील. म्या अंगठा दिला. घरी आल्यावर वाटलं, मास्तरांना सांगावं. तर तुमी कागद वाचून दाखवलात, आन लोक रडाय लागली. आबा माज्या गळ्यात पडले. मग कसं सांगायचं? मंग तुमी सभंला नेलंत. तुमी बोलायचा, म्या हुबा ऱ्हायचो. येसू माज्याकडं बगून गेला, मास्तर. माज्याकडं बगून."

मास्तरांना वाटलं, त्याच्या पाठीवर हात ठेवावा. हात उचलला गेला नाही.

"उद्या मामलेदारांना कुणाचं नाव द्यायचं?" त्यांनी विचारलं. प्रश्न नथूला होता की स्वतःला, हे त्यांनाच कळलं नाही.

नथू म्हणाला, "तुमी गप ऱ्हावा. म्या बगतो."

६

शनिवारी दिवसभर भागुजीने काम केलं. खरवडलेली जागा घासून खोल केली, त्यावर चार अक्षरं पुन्हा कोरली, काळा रंग भरला. निरखून पाहिलं तरच फरक दिसत होता.

रविवारी तोरणं लागली. सनया वाजल्या. प्रांतसाहेब गोरे, तरुण, घामाने लाल झालेले. मामलेदारांनी मास्तरांना बाजूला घेतलं.

"नाव?"

"साहेब, समारंभ उरकू द्या."

चावडीच्या खांबाला अजून मारुती बांधलेला होता. बायकांच्या घोळक्यात सरूबाई उभी होती. रखमाजींना पुढे खुर्चीवर बसवलं होतं. फडकं निघालं, टाळ्या झाल्या, मास्तरांनी मजकूर वाचला. महिपतीचं नाव आलं तेव्हा म्हाताऱ्याने आंधळे डोळे पाटीच्या दिशेने उचलले.

आणि नथू गर्दीतून पुढे आला.

"साब, पाटी म्या खरडली. मारुतीला सोडा."

शिपाई धावले. मामलेदारांनी हाताने थांबवलं. नथू थेट प्रांतसाहेबांकडे बघत होता, जणू त्यांना मराठी येत होतं.

"ही पाटी खोटी हाय. महिपती झुंजला न्हाई. टॉर्पेडो न्हवता. अर्दा तास व्हता. त्यो जनावरं सोडाया गेला आन म्या दोर तोडला. आमच्या सायबानं सांगितलं, म्या तोडला. दुश्मन थांबला व्हता."

मग कुणीतरी बायकांत हुंदका दिला. येसूची आई होती ती.

प्रांतसाहेबांनी इंग्रजीत विचारलं, हा माणूस काय म्हणतो. मामलेदार क्षणभर घुटमळले. मग त्यांचे डोळे मास्तरांवर येऊन थांबले.

"सरकारी कागदाचं भाषांतर तुमचं आहे, मास्तर. पाटीवरचा मजकूर तुमचा आहे. आजवर सभांतून हीच हकिगत तुम्ही सांगत आलात. साहेबांना तुम्हीच सांगा. हा खरं बोलतोय का?"

मास्तरांच्या पिशवीत ती वही होती. कात्रणाच्या पानात त्यांनी खूण घालून आणली होती. अंगाऱ्याची पुडी त्यांनी डोळ्यांनी पाहिली होती, न फुटलेली शाई पाहिली होती. एक वाक्य बोललं की सगळं जागच्या जागी बसलं असतं.

त्या वेळी आपल्याला सरूबाईची काळजी वाटली, खरं बाहेर आलं तर खरवडणारीही बाहेर येईल म्हणून आपण बोललो नाही, असं ते पुढे बरीच वर्षं स्वतःला सांगत राहिले. पण त्या क्षणी त्यांच्या मनात सरूबाई नव्हती. आपल्या शब्दावर लढाईला गेलेली अकरा पोरं होती, भिंतीवरची सनद होती, आणि लोणावळ्याला रेल्वेच्या कचेरीत चिकटवलेला स्वतःचा मुलगा बाळ होता, ज्याला त्यांनी कधी कुठल्या सभेला नेलं नव्हतं.

"साहेब," मास्तर म्हणाले, "लढाईवरून आल्यापासून याच्या डोक्यावर परिणाम झाला आहे."

मामलेदारांनी सुस्कारा सोडला आणि इंग्रजीत भाषांतर केलं. प्रांतसाहेबांनी सहानुभूतीने मान हलवली. गर्दीत कुजबुज झाली. बिचारा. मित्राच्या दुःखानं येडा झाला. पाच मिनिटांत सगळ्या गावाला ते पटलं, कारण ते पटवून घेणं सोपं होतं.

रखमाजी खुर्चीवरून म्हणाले, "त्याला मारू नगा रं. लय जीव व्हता त्याचा माज्या पोरावर."

नथूने मास्तरांकडे एकदा पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. राग असता तर मास्तरांना सोसला असता. शिपाई त्याला घेऊन गेले. मारुतीची दोरी सुटली. पुढच्या आठवड्यात नथूला पुण्याला वेड्यांच्या इस्पितळात ठेवल्याचं कळलं. दोन वर्षांनी तो तिथेच वारला. वडिवळ्यात कुणी सुतक धरलं नाही.

७

समारंभानंतर सरूबाई मास्तरांशी बोलली नाही. वाटेत दिसली तर पदर पुढे ओढून जायची. आषाढ लागला. भाताची लावणी उरकली. एके दिवशी शाळा सुटायच्या सुमाराला ती दारात येऊन उभी राहिली. डोक्यावरचं पावसाने भिजलेलं इरलं तिने भिंतीला टेकवलं.

"मास्तर, मला लिवायवाचाय शिकवा."

मास्तर गडबडले. गावात कुठलीच बाई शिकत नव्हती. "शिकवतो की. जरूर शिकवतो. पण आता, या वयात... कशासाठी?"

"आजवर माजं समदं तुमी वाचलंत. मालकांची पत्रं तुमी वाचलीत. त्यो सरकारी कागद तुमी वाचलात. म्या इस्वास ठिवला." ती शांतपणे बोलत होती. "आता तुमच्यावर इस्वास न्हाई. म्हून शिकायचं."

"मग दुसऱ्या कुणाकडे..."

"दुसरं कोन हाय हितं?"

मास्तरांनी पाटी पुढे केली.

ती रोज यायची, पोरं गेल्यावर. अंतर राखून बसायची. जेवढं शिकवलं तेवढंच बोलायची. चूक झाली की पुसायची आणि पुन्हा गिरवायची. मास्तरांनी चार-दोनदा नथूचा विषय काढायचा प्रयत्न केला, आपली बाजू सांगायचा प्रयत्न केला. ती मान खाली घालून गिरवत राहायची. दिवाळीपर्यंत तिला जोडाक्षरं येऊ लागली. हाताने वळण चांगलं धरलं होतं.

कार्तिकात एके दिवशी तिने पदराखालून एक कागद काढला. महिपतीच्या मृत्यूचा सरकारी कागद, आणि त्याला टाचलेलं मराठी भाषांतर.

ती वाचू लागली. एकेका अक्षरावर बोट ठेवून, मोठ्याने. *कळविण्यास अत्यंत खेद होतो की.* मास्तर खिडकीबाहेर बघत राहिले. *शत्रूच्या पाणबुडीने.* तिथे ती अडखळली, पुन्हा मागे गेली, वाक्य नीट जुळवलं. *कोणतीही सूचना न देता.* खाली भाषांतरकाराची सही होती. तीही तिने वाचली. गंगाधर, मग वडिलांचं नाव, मग आडनाव. पूर्ण ओळ वाचली, एकही शब्द न गाळता.

कागदाची घडी घातली. पाटी मास्तरांपुढे सरकवली, पेन्सिल तिच्यावर ठेवली.

"आलं मला वाचाय," ती म्हणाली आणि उठली.

दुसऱ्या दिवशी ती आली नाही. त्यानंतरही कधी आली नाही. मास्तर मात्र नोकरी संपेपर्यंत शाळा सुटल्यावर तासभर तिथेच बसून राहायचे. कशासाठी, हे कुणी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही.